रेडियमच्या खोलीबाहेर बसलेली आई

हे लिहायचा आग्रह एका डॉक्टरीणबाईंचा. म्हणाल्या, "आम्ही सांगतो ते बाया नुसतं ऐकून घेतात. तुम्ही सांगितलेलं त्या घरी नेतील." मी बरेच दिवस टाळलं. वर्गात तासभर बोलायचं असेल तर मी एका पायावर तयार, पण स्वतःविषयी लिहायचं म्हटलं की हात जड होतो. शिवाय या गोष्टीत आजार माझा असला तरी दुःख सगळं माझं नाही.

तेव्हा आधीच सांगते. औषधांची नावं, किती लाईट दिले, कुठलं मशीन होतं, हे यात सापडणार नाही. ते डॉक्टर सांगतीलच. ज्यांच्या घरात कुणाला रेडियम द्यायचं ठरलंय त्यांना मला एकच गोष्ट सांगायची आहे, आणि ती दवाखान्यात कुणी सांगत नाही, कारण ती कुणाला सुचतच नाही. मलाही सुचली नव्हती, आणि मी तर विज्ञान शिकवणारी बाई.

सायन्सच्या बाई

मी तेरच्या शाळेत शिकवते. किरणोत्सारितेचा धडा पुस्तकात जेमतेम दीड पानाचा, पण मी तो आठवडाभर पुरवते. मुख्याध्यापक कुरकुर करतात, मुलं खूश असतात. पोलंडहून पॅरिसला शिकायला गेलेली ती बाई गळक्या शेडमध्ये काळं खनिज कढईत उकळायची, स्वतःच्या उंचीएवढ्या लोखंडी दांड्यानं ढवळायची, आणि गाडाभर मातीतून चिमूटभर रेडियम काढायची, हे सांगताना माझा आवाज आपोआप चढतो. मग दुसरी, ऑस्ट्रियाची. बर्लिनच्या संस्थेत तिला बाई म्हणून वर यायची बंदी होती. खाली सुताराच्या जुन्या खोलीत तिनं प्रयोग मांडले, वेगळ्या दारानं आत-बाहेर केली. अणू दुभंगतो तेव्हा नेमकं काय होतं, याचा अर्थ लावणाऱ्यांत पुढं तीच होती.

ही दुसरी गोष्ट मी पहिल्यांदा आईला सांगितली होती. मी शाळेत लागले त्या वर्षी, स्वयंपाकघरात. आई भाकरी थापत होती. तिचा हात थांबला.

"तिकडंबी आसलं व्हतं व्हय? येगळं दार?"

"व्हय."

"मंग तिनं काय केलं?"

"खालीच बसून काम केलं."

"आक्षी बराबर केलं," आई म्हणाली आणि भाकरी तव्यावर टाकली.

माझी आई गयाबाई. वडील लवकर गेले, मी एकटीच. आम्ही बौद्ध झालो तेव्हा मी पाटी घेऊन नुकती शाळेत जायला लागले होते. त्याआधीचं आयुष्य आईनं विहिरीपासून लांब उभं राहून काढलेलं. कुणीतरी वरून पाणी ओतायचं आणि तिनं घागर खाली धरायची. वाटेत समोरून कुणी आलं की पदर गोळा करायचा, अंग चोरायचं आणि भिंतीला लागून उभं राहायचं. बहात्तरच्या दुष्काळात मी औरंगाबादला बी.एस्सी.ला होते आणि ती रस्त्याच्या कामावर खडी फोडत होती. दुष्काळी कामावर मिळायची ती सुकडी खाऊन दिवस काढले तिनं, पण मला परत बोलावलं नाही. नोकरी लागल्यावर मी तिला माझ्याजवळ आणलं ते कायमचं. माझे पती साखर कारखान्याच्या काट्यावर कारकून. जावई आणि सासू यांचं माझ्यापेक्षा जास्त जमायचं.

निदान

पाळी नसताना अंगावर जायला लागलं. शेजारणी म्हणाल्या उष्णता असेल, सब्जा पी. मी सब्जा प्याले. विज्ञान शिकवणारी बाई सब्जा पीत बसली, हसायचं असेल तर हसा. या बाबतीत लाज ही पदवी बघत नाही. शेवटी आईनंच ह्यांना सांगितलं, "जावईबापू, हिला उस्मानाबादला न्या. आज न्या."

तपासणीचा तुकडा सोलापूरला जाऊन आला. रिपोर्ट हातात घेऊन डॉक्टर म्हणाले, "मिस्टरांना आत पाठवा, तुम्ही जरा बाहेर बसा."

"डॉक्टर, आजार माझा आहे," मी म्हणाले. "हवं तर ह्यांना बाहेर बसवा."

हे हसले. हसता हसता त्यांचं त्यांनाच काही कळलं आणि त्यांनी तोंड खिडकीकडं फिरवलं.

गर्भाशयाच्या तोंडाचा कॅन्सर. डॉक्टर म्हणाले, वेळेत आलात, याच्यावर रेडियम चालतं, मुंबईला जावं लागेल. कॅन्सर हा शब्द ऐकून मी घाबरलेच, पण रेडियम म्हटल्यावर क्षणभर वाटलं, अनोळखी गावात कुणीतरी ओळखीचं भेटलं. बाहेर आल्यावर स्टँडवर ह्यांनी भजी मागवली. दोघांनीही खाल्ली नाहीत. परतीच्या एस.टी.त ह्यांनी माझा हात धरला आणि तेर येईपर्यंत सोडला नाही. लग्नाला इतकी वर्षं झाली होती, चारचौघांत कधी हात धरला नव्हता. मला तेव्हा खरी भीती वाटली.

आईला सांगितलं तर तिनं विचारलं, "तुझ्या त्या बाईचं रेडियम?"

"व्हय."

"मंग बरी व्हशील. तिनं येवढं हात जाळून काढलंय, ते काय वाया जाईल व्हय?"

वॉर्ड

मुलीला, सुजाताला, जावेकडं ठेवलं. ढोकीहून छोट्या रेल्वेनं कुर्डूवाडी, तिथं गाडी बदलून मुंबई. कारखान्याचा हंगाम चालू होता. हे आम्हाला पोचवून परत गेले आणि मग जमेल तसे येत राहिले. माझ्याजवळ राहिली ती आई. ती दवाखान्याच्या मागं धर्मशाळेत झोपायची, सकाळी उजाडायच्या आधीच वॉर्डच्या दाराशी हजर.

आधी मशीनखाली झोपवून लाईट, म्हणजे किरणांचा शेक, द्यायचे. दुखत काही नाही, पण अंगातलं बळ कुणीतरी मुळापासून ओढून नेल्यासारखं होतं. अन्नाचा वास आला की मळमळायचं. आई घरून आणलेली शेंगदाण्याची चटणी पाण्यात कालवून बोटानं माझ्या जिभेला लावायची. तेवढंच पोटात राहायचं. पाय चेपायची, केस विंचरायची. केस गळत नव्हते, तरी विंचरून झालं की फणी उजेडात धरून बघायची.

शेजारच्या कॉटवर परंड्याकडच्या एक काकू होत्या, शेतकरी घरातल्या, बोलायला फटकळ. आपल्या जिल्ह्यातल्या म्हटल्यावर त्यांनी मला आपलंसं करून घेतलंच. आईला म्हणायच्या, "गयाबाई, तुमी हिचं पाय चेपता, जरा आमचंबी चेपा की!" आणि आई खरंच चेपायची. एकदा काकूंनी आईच्या हातून भाकरीचा तुकडा घेऊन खाल्ला. आई कितीतरी वेळ त्यांच्याकडं बघत राहिली. नंतर मला हळूच म्हणाली, "रोगानं मानसं शानी व्हत्यात बग."

आजारपणात असं अधूनमधून काही चांगलं हाताला लागतं. ते सोडू नका.

ती खोली

मग रेडियम ठेवायचा दिवस आला. भूल देऊन रेडियमच्या नळ्या आत ठेवतात, वर कापडाची घडी भरतात आणि काही दिवस उताणं पडून राहायचं. उठायचं नाही, कुशीवर वळायचं नाही. खोली वेगळी. दारावर तीन पाकळ्यांचं ते पिवळं चिन्ह. मी ते फळ्यावर किती वेळा काढलंय! या वेळी ते दाराच्या बाहेर होतं आणि मी आत.

कॉटशेजारी चाकांचा शिशाचा पडदा. सिस्टर त्याच्या मागं उभ्या राहून बोलायच्या. ताट लांबून पुढं सरकवायच्या, झटपट काम उरकून बाहेर जायच्या. त्यांचं काहीच चुकत नव्हतं. रोज एक बाई गेली की दुसरी येणार, त्यांनी प्रत्येकीजवळ बसायचं ठरवलं तर त्यांचं काय होईल? अंतर दुप्पट केलं की किरणांचा मारा चौथाईवर येतो, हे मीच शिकवते. पण दाराबाहेर बाकावर आई बसली होती आणि दार उघडलं की तिला ते ताट सरकवणं दिसत होतं. अंतराचं तिचं गणित वेगळं होतं, आणि ते तिला माझ्याआधीपासून येत होतं.

मी पडल्या पडल्या त्या रेडियमवाल्या बाईंचा विचार करायची. त्यांची थोरली मुलगी त्यांच्याच शेजारी उभी राहून तेच काम शिकली, तिनंही मोठे शोध लावले. पण आईच्या अंगातलं रक्त त्या किरणांनी आटवलं आणि पुढं मुलीलाही रक्ताच्याच रोगानं नेलं. हे मी धड्याच्या शेवटी सांगते.

एका दुपारी सिस्टर जेवायला गेल्या असाव्यात. डोळा लागला होता. कपाळावर हात आला. खरखरीत, गार, ओळखीचा हात. डोळे उघडले तर आई पडद्याच्या अलीकडं, माझ्या कमरेला अगदी लागून उभी. तिचं पोट आणि ते रेडियम यांच्यात हातभराचंही अंतर नव्हतं.

मी ओरडले, "लांब व्हय! शिवू नगं मला! शिवू नगं!"

वर्गात वापरते तो एकही शब्द त्या वेळी तोंडात आला नाही. गल्लीतले आले.

आईनं हात काढून घेतला. पदर गोळा केला, अंग चोरलं आणि पाठ भिंतीला लावून ती बाजूबाजूनं दारापर्यंत गेली. मी लहानपणी पाहिलेलं सगळं जसंच्या तसं. तिला ते आठवावंसुद्धा लागलं नाही. मला उठून तिला धरायचं होतं आणि मला कूस बदलायचीही मुभा नव्हती. मी नुसती रडत राहिले. ती दारात पोचली तेव्हा म्हटलं, "आई, तुझ्यासाठीच म्हणते गं." ती म्हणाली, "व्हय, व्हय. रडू नगं. तू पडून ऱ्हा."

त्या संध्याकाळी मला ताप भरला. असा ताप येतो, डॉक्टरांनी आधीच सांगितलं होतं. तो उतरलाही.

घरी

रेडियम काढून घेतलं की अंगात काही उरत नाही. खोलीतून दिवा बाहेर नेला की खोलीत उजेड राहत नाही, तसंच. मी वॉर्डात परत आले त्या दिवशीच हे आईला सांगितलं. ती मान हलवत राहिली. पण जेवण आणलं ते कॉटच्या कडेला ठेवून मागं सरकली. पाणी दिलं ते तांब्या उंच धरून, माझ्या पेल्याला न लागू देता, वरून. काकूंनी मला विचारलंसुद्धा, "तुझी आई तुला हात का लावत न्हाय गं आता?" मी म्हटलं, भ्यायलीय बिचारी रेडियमला.

तेरला आल्यावर आणखी बरेच जण भ्यायले. शाळेत पोरं बाक मागं ओढून बसली. त्या बाईंच्या वह्यांमधून अजून किरण निघतात हे मीच सांगितलेलं, आणि माझी पोरं इतकी हुशार की ती माझ्या हजेरीच्या वहीलाही हात लावेनात! मी त्यांना दिव्याचं उदाहरण देऊन फळ्यावर सगळं समजावलं. दोन-चार दिवसांत ती माझ्या टेबलाभोवती गोळा झाली. सुजाता तर पहिल्याच दिवशी गळ्यात पडली होती.

आई मात्र नाही. तिनं अंथरूण बाहेर ओसरीवर नेलं. माझ्या कपड्यांना हात लावेना, माझ्या आधी माठातलं पाणी घेईना. मी समजावलं, रागावले, एकदा तर चिडवलं, "पोरांना कळलं, तुला कळंना?" ती हसली फक्त. म्हणाली, "तू म्हनतीस तर आसंल." आणि होती तिथंच बसून राहिली. मला ते लई लागलं. ज्या बाईनं माझ्या ओकाऱ्या ओंजळीत धरल्या तिला आता माझी भीती वाटते, या विचारानं मी मनातून तिच्यावर रुसले होते.

उन्हाळा

त्यानंतरच्या उन्हाळ्यात आई पडली. पायांना सूज, चार पावलं टाकली की धाप. हृदय थकलंय, उस्मानाबादचे डॉक्टर म्हणाले, आता घरीच सांभाळा. मी तिला पुसून घ्यायला कोमट पाणी आणलं आणि तिच्या दंडाला हात घातला. तिनं होतं नव्हतं ते बळ लावून मला ढकललं.

"नगं, कमळे. लांब व्हय. शिवू नगं."

"आई, माझ्यात काही ऱ्हायलं न्हाय गं. किती येळा सांगू? तुला काही व्हनार न्हाय."

"मला?" ती चकित होऊन माझ्याकडं बघायला लागली. "मला काय व्हायचंय? तुझं औषध बाटंल."

मी पंचा पाण्यात टाकला आणि तिच्यासमोर बसले.

धाप लागत होती तरी तिनं सांगितलं, थांबत थांबत. "तवा म्या आत आले, हात लावला. तू वरडलीस. आन् सांजच्याला तुला ताप आला का न्हाय? म्या समजले. येवढं मोठं औषध, म्या शिवले आन् बाटलं. मंग म्या ठरवलं, आता मरंस्तवर शिवायचं न्हाय. आन् बग, तू बरी झालीस. का न्हाय?"

एवढे दिवस ती माझ्यापासून स्वतःला वाचवत नव्हती. स्वतःपासून मला वाचवत होती. जिच्या हाताला लोक आयुष्यभर विटाळ म्हणत आले, तिनं तो हात मुलीच्या आजारासमोर पुन्हा विटाळाचा मानला आणि गुपचूप लांब बसली. धर्म बदलला, घर बदललं, मुलगी बी.एस्सी. झाली, आणि आत खोलवर ते तसंच होतं. मला हे लिहितानाही राग येतो. तिच्यावर नाही.

सांगू की नको, असंही वाटून गेलं. मी बरी झाले ती तिच्या लांब राहण्यानं, हे तिचं समाधान होतं. ते काढून घेतलं तर उरणार काय? पण ते समाधान घेऊन ती गेली असती तर हात विटाळाचा आहे हेही बरोबर घेऊन गेली असती. मी सांगितलं.

"आई, नीट ऐक. तुझी बाधा मला न्हाय. माझी बाधा तुला झाली आसती. म्हनून वरडले म्या. तुझ्या हातात काय बी वाईट न्हाय. कधीच नव्हतं."

तिनं माझ्याकडं रोखून पाहिलं. मग म्हणाली, "आन् उगं मला बरं वाटावं म्हनून म्हनत आसशील तर?"

"न्हाय गं."

"तुझी तपासणी हाय ना म्होरं, मुंबईला? ती होऊ दे. त्येनी समदं चांगलं हाय म्हनलं, की मला यिऊन सांग. मंग मानीन म्या."

मी तिच्या मांडीवर डोकं ठेवलं. लहान मुलासारखी हट्टानं. "आत्ता मान," म्हटलं. तिनं मला ढकललं नाही. पण वर पाहिलं तर तिचे दोन्ही हात हवेत होते, माझ्या केसांच्या वर, टेकलेले नव्हते. तिच्या डोळ्यांतलं पाणी माझ्या गालावर पडलं. "तपासणी होऊ दे, बाय," ती म्हणत राहिली, "जरा दम धर. येकदा तपासणी होऊ दे."

तपासणीच्या आधीच ती गेली. शेवटची आंघोळ मी घातली. तिचे तळहात मी बराच वेळ धरून बसले होते, बायकांनी उठवलं तेव्हा उठले.

ज्यांच्या घरी रेडियम द्यायचंय त्यांना

रोगी आत गेल्यावर दाराबाहेर जे माणूस बसणार आहे त्याला आधी जवळ बसवा आणि सांगा. नुसतं "आत जाऊ नका, शिवू नका" म्हणू नका. कुणापासून कुणाला जपायचंय ते सांगा. आणि पुन्हा सांगा. आमच्याकडं अशी पुष्कळ माणसं आहेत जी शिवू नको म्हटलं की न विचारताच दोष आपल्यातच आहे असं धरून चालतात. रेडियम काढून घेतलं त्याच दिवशी त्यांचा हात धरून आपल्या अंगावर ठेवा. त्यांनी काढून घेतला तर पुन्हा ठेवा. मी रुसून बसले, तसं करू नका.

तपासणीला मी त्याच पावसाळ्यात मुंबईला गेले. हे सोबत होते. डॉक्टरांनी तपासलं, कागद चाळले आणि हसून म्हणाले, "बाई, अगदी स्वच्छ आहे सगळं. कुठंही काही नाही. जा, घरी सांगा."

बाहेर आल्यावर माझे पाय आपोआप त्या खोलीकडं वळले. दार बंद होतं, आत कुणीतरी होती. बाहेरच्या बाकावर एक म्हातारी बसली होती, कुठल्या गावची कोण जाणे. मी तिच्याशेजारी बसले. ह्यांनी विचारलं, "काय झालं?" मी त्या म्हातारीचा हात हातात घेतला. तिनं घेऊ दिला.

"न्हाय बाटलं, आई," मी म्हटलं. "न्हाय बाटलं गं."